लाहोरच्या पंजाबी नाटकांत नृत्याला इतके महत्त्व कसे आले?

रंगवाचक : लाहोरमधील व्यावसायिक पंजाबी नाटकांच्या चित्रफिती पाहताना असे दिसते की, विनोदी प्रवेश रंगात आलेला असतानाच कथानक थांबते, ध्वनिमुद्रित चित्रपटगीत सुरू होते आणि नर्तकी एकटी रंगमंचाचा ताबा घेते. ही पद्धत कोठून आली?

मध्यलय : तिची मुळे नाट्यगृहांपेक्षा जुनी आहेत. पंजाबातील मेळ्यांत आणि उरुसांत फिरत्या नाटकमंडळ्या तंबू ठोकत असत. आलम लोहार यांच्यासारखे गायक आणि बाली जट्टी यांच्यासारख्या अभिनेत्री त्या परंपरेतल्याच. हीर-रांझ्यासारखी लोककथा, गाणे, विनोद आणि नाच हे सारे तेथे एकाच तिकिटात मिळे. १९८०च्या दशकात लाहोरच्या अलहमरा कलाकेंद्रात गर्दी खेचणाऱ्या पंजाबी नाटकांचा कणा मात्र विनोद हाच होता. अमानुल्लाह यांच्यासारखे नट 'जुगत', म्हणजे हजरजबाबी कोटी, करीत आणि संहिता बाजूला ठेवून प्रयोग रंगवीत. माझ्या मते त्या नाटकांचे खरे वैभव तेच होते.

नेपथ्य : पुढचे वळण समजून घ्यायचे तर चित्रपटसृष्टीकडे पाहावे लागेल. पाकिस्तानी पंजाबी चित्रपटांचे आघाडीचे नायक सुलतान राही यांची जानेवारी १९९६ मध्ये हत्या झाली आणि आधीच डळमळीत झालेला तो व्यवसाय झपाट्याने खालावला. चित्रपटांतील नृत्यावर पोट असलेल्या कलावंतांना रंगमंच हाच जवळचा आधार उरला आणि नर्गिस (हिंदी चित्रपटांतील अभिनेत्री नव्हे, पाकिस्तानी रंगमंचावरील) यांच्यासारख्या नर्तकींच्या नावावर तिकिटे खपू लागली. प्रयोगांच्या चित्रफिती आणि सीडी पसरल्यावर नाटकातून नृत्य तेवढे वेगळे काढून पाहणारा प्रेक्षकही निर्माण झाला.

रंगवाचक : मग परिनिरीक्षण, म्हणजे सेन्सॉर, नव्हते का?

मध्यलय : होते आणि आहे. ब्रिटिशांचा १८७६चा नाट्यप्रयोगविषयक कायदा तेथे दीर्घकाळ वापरला गेला. परंतु आधी तपासली जाते ती लिखित संहिता. अंगविक्षेप, वेशभूषा आणि नृत्याची लांबी प्रत्यक्ष प्रयोगात ठरते. त्यामुळे कारवाई नंतर होते, कधी नाट्यगृहाला टाळे लागते, तर कधी नर्तकीवर बंदी येते. नृत्याची मागणी करणारा प्रेक्षक आणि तिच्या नावावर तिकीट विकणारा निर्माता यांच्याविषयी कोणी फारसे बोलत नाही, अश्लीलतेचा ठपका मात्र तिच्यावरच बसतो. हा मला उघड अन्याय वाटतो.