चर्चा: ज्वालामुखीच्या पायथ्याची गावं कायमची उठवावीत का?

कृष्णाकाठचा (सांगली):
इंडोनेशियातला मेरापी 2010 मध्ये फुटला, साडेतीनशेच्या आसपास माणसं गेली. डोंगराचे राखणदार म्हणून मान असलेले म्हातारे मारिजान त्यातच गेले. गाव सोडा म्हणून सांगितलं तरी हलले नव्हते. आज त्या उतारावर पुन्हा गोठे, पुन्हा मळे. डोंगर भडकणार हे ठाऊक असताना सरकारनं पायथा कायमचा मोकळा का करू नये?

मिरजेची मास्तरीण:
दादा, हे सांगलीत बसून लिहिताय? 2019 ला आयर्विन पुलापाशी पाणी 57 फुटांवर गेलं, 2021 ला परत आलं. गावभाग उठला का? आपण गाळात ऊस घेतो, ते राखेच्या जमिनीत भाजी नि तंबाखू. मेरापीचे लोक छावणीतून गुरांना वैरण घालायला वर जात होते. आपल्याकडं तरी पुरात म्हशी सोडून निघायला कोण तयार होतं?

कृष्णाकाठचा:
ताई, पूर चढताना दिसतो. धरणातून किती विसर्ग सोडला ते आधी कळतं. तापलेल्या वायूचा नि राखेचा लोट तासाला शंभर किलोमीटरहून जास्त वेगानं उतरतो. 1902 ला मार्टिनिक बेटावरचं सेंट पिअर शहर काही मिनिटांत संपलं, सुमारे 28 हजार माणसं. 'पाणी उंबऱ्याला लागलं की निघू' हा हिशेब तिथं चालत नाही.

ऊसवाला_वाळवा:
बरोबर. आणि काळ्या मातीचं कौतुक नको. आपला सह्याद्रीही लाव्ह्याचाच, पण साडेसहा कोटी वर्षांपूर्वीचा. थंड झालेल्या दगडावर शेती करायला कुणाच्या बापाचं काय जातं?

पाटणवाला:
उठवलेल्या घरातलं कुणी आहे का इथं? मी आहे. कोयना धरणात आजोबांचं गाव गेलं. बदली जमीन कागदावर आधी मिळाली, पायाखाली यायला पिढी गेली. फिलिपिन्सचा पिनाटुबो 1991 ला फुटायच्या आधी शास्त्रज्ञांनी सांगितलं, हजारो वाचले, मान्य. पण उतारावरचे आएटा जमातीचे आदिवासी छावण्यांत कोंबले गेले आणि गोवरानं त्यांची पोरं मेली. ती कुणाच्या खात्यावर टाकायची? आणि 11 डिसेंबर 1967 ला कोयनानगर पडलं, जमीन अजून हलते. मग पाटण तालुकाही रिकामा करा की!

कृष्णाकाठचा:
भूकंपाला घर पक्कं बांधता येतं. तापलेल्या राखेला कसलं घर?

मिरजेची मास्तरीण:
पण मोकळा पायथा म्हणजे कुठवर? कोलंबियातलं आर्मेरो डोंगरापासून कित्येक मैल लांब होतं. 13 नोव्हेंबर 1985 ला नेवादो देल रुईझ फुटला, माथ्यावरचं बर्फ वितळून चिखलाचा लोंढा नदीच्या खोऱ्यातून उतरला, 20 हजारांवर माणसं गाडली गेली. लोंढा गावात पोचायला दोन तासांहून जास्त वेळ लागला होता. धोक्याचा नकाशाही महिनाभर आधी तयार होता! तेवढ्या वेळात टेकाडावर चढता आलं असतं, कुणी ठामपणे 'निघा' म्हटलं असतं तर. तुम्ही उठवलेल्या गावांत आर्मेरो बसलंच नसतं.

ऊसवाला_वाळवा:
इशाऱ्याचं काय सांगता मॅडम. 1976 ला कॅरिबियनमधल्या ग्वाडेलूप बेटावर ज्वालामुखीच्या भीतीनं सत्तर हजारांवर माणसं काही महिने बाहेर काढली, आणि मोठा स्फोट झालाच नाही. पुढच्या वेळी कोण उठेल?

पाटणवाला:
उठतात हो, गुरांसकट नेलं तर. जुलै 2021 ला आमच्या तालुक्यात आंबेघर, मिरगावला दरडी कोसळल्या. तेव्हापासून पाऊस वाढला की माणसं शाळेत नेतात. जनावरांचं मात्र कुणी विचारत नाही, म्हणून घरचा एकजण मागं राहतोच.

कृष्णाकाठचा:
गुरांचं पटलं. पण माथ्याजवळ रात्रीची वस्ती मला अजूनही नको. मेरापीला 2010 नंतर काही गावांना खाली घरं दिली, शेती वरच ठेवली. तसं करा.

पाटणवाला:
घर खाली, शेत वर, चालेल. फक्त रोज वर जायचं भाडं आणि खाली गोठ्याला जागा कोण देणार, ते उठवायच्या आधी लिहून द्या.