भारतातली सनद हातात आहे, इंग्लंडची सॉलिसिटर परीक्षा द्यायची आहे: एसक्यूईबद्दल (सॉलिसिटर्स क्वालिफाइंग एक्झामिनेशन) प्रश्न

सनद_पुणे:
महाराष्ट्र आणि गोवा बार कौन्सिलची सनद आहे, एआयबीई (ऑल इंडिया बार एक्झामिनेशन) पास, दिवाणी कामाचा तीन वर्षांचा अनुभव. इंग्लंड-वेल्समध्ये सॉलिसिटर व्हायचं आहे. दोन वर्षांचं ट्रेनिंग तिकडे जाऊनच करावं लागतं का? परीक्षेच्या दुसऱ्या टप्प्याची, एसक्यूई २ ची, सूट मिळते का? आणि एलएलबीच्या नोट्स कितपत चालतील? कॉन्ट्रॅक्ट, टॉर्ट (दिवाणी अपकृत्यं) तर तेच असणार ना?

काळा_कोट:
ट्रेनिंगची अट तुम्हाला नाही. दोन वर्षांचा 'क्वालिफाइंग वर्क एक्स्पीरियन्स' लागतो तो सनद नसलेल्यांना. परदेशात वकील म्हणून नोंद असलेल्यांना त्यातून वगळलंय.

एसक्यूई २ ची सूट मिळू शकते, आपोआप मिळत नाही. निदान दोन वर्षांचा व्यावसायिक अनुभव दाखवून एसआरएकडे (सॉलिसिटर्स रेग्युलेशन अथॉरिटी, तिथली नियामक संस्था) अर्ज करायचा. अर्ज कुठे अडतो, तर 'दिवाणी दावे चालवले' एवढंच लिहिलेलं असतं. त्यांना कौशल्यं दिसायला हवीत: पक्षकाराची मुलाखत, युक्तिवाद, संशोधन, पत्रलेखन, मसुदा, प्रकरणाचं विश्लेषण. प्रत्येकासाठी तुम्ही नेमकं काय केलं ते लिहा. सूट मिळाली तर इंग्रजीचा वेगळा पुरावा द्यावा लागतो, तो आधीच जमवून ठेवा. एसक्यूई १ ची सूट मात्र भारतीय पदवीवर मिळेल असं धरून चालू नका.

सूट नाकारली तर एसक्यूई २ मध्ये १६ स्टेशन्स (वेगवेगळ्या कसोट्या): १२ लेखी, ४ तोंडी. लेखीला ३ अर्धे दिवस, तोंडीला २ अर्धे दिवस. तोंडीसाठी इंग्लंड-वेल्सला जावंच लागतं, म्हणजे विमान, व्हिसा, राहणं आलं. सप्टेंबर २०२५ पासूनची फी एसक्यूई १ ला १,९३४ पौंड आणि एसक्यूई २ ला २,९७४ पौंड. म्हणून एसक्यूई २ ची तारीख घेण्याआधी सुटीचा निकाल हातात असू द्या.

एसक्यूई १ चे दोन पेपर, एफएलके १ आणि एफएलके २ (एफएलके म्हणजे 'फंक्शनिंग लीगल नॉलेज', व्यवहारात लागणारं कायद्याचं ज्ञान). प्रत्येकी १८० प्रश्न, पाच पर्याय, सगळ्यात योग्य एक निवडायचा. ९० प्रश्नांचं एक सत्र २ तास ३३ मिनिटांचं, म्हणजे प्रश्नाला १०२ सेकंद. निगेटिव्ह मार्किंग नाही, तेव्हा एकही प्रश्न कोरा सोडू नका. एका पेपरला नापास झालात तर तेवढाच परत. संधी तीन, आणि पहिल्या प्रयत्नापासून सहा वर्षांत सगळं आटपायचं.

एआयबीईची सवय इथे घात करते. तिथे बेअर ॲक्ट सोबत नेता येतो, इथे काहीही नाही. कलम शोधण्याची नव्हे, नियम डोक्यात ठेवून तो गोष्टीवर बसवण्याची परीक्षा आहे.

पोटकलम:
'तेच असणार' हा गैरसमज सर्वात महागात पडतो. अजिबात न येणाऱ्या विषयापेक्षा अर्धा ओळखीचा विषय जास्त मार्क खातो, कारण चुकीचा पर्याय आपल्याला घरचा वाटतो.

आपल्या १८७२ च्या करार कायद्याच्या कलम २(ड) नुसार मोबदला तिऱ्हाइताकडून आला तरी चालतो, पूर्वी दिलेलाही चालतो. इंग्लंडमध्ये तो वचन घेणाऱ्याकडूनच यायला हवा, आणि पूर्वीचा मोबदला साधारणपणे चालत नाही. अज्ञानाचा (अल्पवयीनाचा) करार आपल्याकडे मुळातच रद्दबातल (मोहोरी बीबी खटला, १९०३), तिकडे बहुतेक वेळा तो अज्ञानाच्या मर्जीवर टाळता येण्याजोगा. मुदत आपल्याकडे करारभंगाला ३ वर्षं, तिकडे ६, आणि डीड (रीतसर औपचारिक दस्त) असेल तर १२. हिंदूचं मृत्युपत्र लग्नाने रद्द होत नाही हे आपल्या अंगवळणी पडलेलं. इंग्लंडमध्ये लग्न झालं की आधीचं मृत्युपत्र सामान्यतः गेलं. हे फरक एका वहीत दोन रकाने करून लिहा.

जमिनीचा कायदा कोऱ्या पाटीवर शिका. सातबारा, फेरफार, खरेदीखत हे सगळं विसरा. तिकडे नोंदणीकृत जमिनीच्या रजिस्टरचे तीन भाग असतात: मिळकत, मालकी, बोजे. खरेदीदाराने या रजिस्टरवर घेतलेल्या अधिकृत शोधाला ३० कामकाजी दिवसांचं संरक्षण मिळतं. त्या मुदतीत नोंदणीचा अर्ज गेला नाही तर प्राधान्य हातचं जातं. इंग्लंडमध्ये स्टॅम्प ड्युटीचं रिटर्न कम्प्लिशननंतर (व्यवहार पूर्ण झाल्यावर) १४ दिवसांत. हे आकडे उलटसुलट करून विचारतात.

जमाखर्च:
एफएलके २ मधले सॉलिसिटर अकाउंट्स शेवटच्या आठवड्यावर ढकलू नका. डबल एंट्री एकदा बसली की हे हमखास मार्क आहेत. पक्षकाराचा पैसा आणि ऑफिसचा पैसा वेगळा, ताळमेळ निदान दर ५ आठवड्यांनी. गोंधळ होतो तो पैसा नेमका कोणाचा हे न ठरवता डेबिट-क्रेडिट लिहायला घेतल्यावर.

सनद_पुणे:
सूट आणि वहीचं समजलं, धन्यवाद. मुंबईची सॉलिसिटर परीक्षा दिली तर एसक्यूईसाठी काही फायदा होतो का? आणि तयारी कोणत्या तारखेच्या कायद्यावर करायची?

काळा_कोट:
मुंबईची परीक्षा वेगळी. ती बॉम्बे इनकॉर्पोरेटेड लॉ सोसायटीची, आर्टिकलशिप (सॉलिसिटरच्या हाताखाली उमेदवारी) करून द्यायची. तिच्यामुळे एसक्यूई टळत नाही.

कायदा धरायचा तो परीक्षेच्या पहिल्या दिवसाच्या चार महिने आधीचा. जानेवारीला बसणार असाल तर सप्टेंबरनंतरच्या दुरुस्त्यांमागे धावू नका. जुन्या नोट्स मात्र तपासून घ्या: दिवाणी दाव्यांचा १,००,००० पौंडांपर्यंतचा इंटरमिजिएट ट्रॅक (मधल्या दाव्यांसाठीची वेगळी कार्यपद्धती) ऑक्टोबर २०२३ मध्ये आला, आणि मृत्युपत्र नसताना मुलं असलेल्या जोडीदाराला आधी मिळणारी रक्कम जुलै २०२३ पासून ३,२२,००० पौंड आहे. ज्या नोट्समध्ये हे दोन नाहीत त्या बाजूला ठेवा.

पोटकलम:
बार कौन्सिलकडून गुड स्टँडिंगचं (सनद चालू आणि निष्कलंक असल्याचं) प्रमाणपत्रही आत्ताच मागवायला टाका. निकालानंतर धावपळ केली तर अर्ज तेवढ्यासाठी अडकून राहतो. सनदेवरचं नाव आणि पासपोर्टवरचं नाव अक्षर न् अक्षर जुळतंय का, तेही पाहा. आपल्याकडे वडिलांचं नाव एका कागदावर असतं, दुसऱ्यावर नसतं.