मानपानाचं बजेट: करवल्या, मामा, फुई (आत्या) यांच्यावर किती खर्च करावा?

बोरीकाठ:
धाकट्या बहिणीचं लग्न आखाजीच्या (अक्षय्य तृतीयेच्या) आसपास आहे, अमळनेरला. आम्ही मुलीकडचे. मानपानाला ८०,००० रुपये बाजूला काढलेत. नवरदेवाचे कपडे आणि अंगठी यात धरलेली नाही. यादी अशी: वरमाय, वरबाप, नवरदेवाची आजी. त्यांच्याकडची ८ जोडपी (मामा, चुलते, फुई, बहीण-जावई), आपल्याकडची ५ जोडपी, दोन्हीकडच्या मिळून ६ करवल्या. शिवाय भाऊबंदकीतल्या ४० बायका आणि ६० टॉवेल-टोप्या. काका म्हणतात, दीड लाखाच्या खाली भागणार नाही. मोठी आई म्हणते, करवल्यांना चांदीचं काहीतरी द्या. सुरुवात कुठून करावी?

पांझराकाठ:
भागतं की. फक्त दुकानाच्या गादीवर बसून आकडा ठरवू नका. तिथे शंभर-दोनशेनं हात वर सरकतो आणि पन्नास साड्यांवर त्याचे किती होतात ते बिल आल्यावर कळतं. आधी घरीच थर पाडा.

वरचा थर: वरमाय साडी ४,५००, वरबाप पोशाख २,५००, आजीचं नऊवारी २,००० = ९,०००.
जोडपी: साडी १,४०० आणि शर्ट-पँटपीस ९०० मिळून २,३००. त्यांची ८ आणि आपली ५, म्हणजे १३ जोडपी = २९,९००.
करवल्या: साडी १,५००, ब्लाउजची शिलाई ४००, सहा जणी = ११,४००.
भाऊबंदकी: ३५० च्या ४० साड्या = १४,०००.
टॉवेल-टोपी: ११० प्रमाणे ६० = ६,६००.

एकूण ७०,९००. उरले ९,१००, ते आज कुणाच्याही नावावर टाकू नका.

रुसवे-फुगवे होतात ते एकाच थरातल्या फरकावरून. वरमायची साडी भारी असली तर कुणी बोलत नाही, पण थोरल्या मामीला १,८०० ची आणि धाकटीला १,२०० ची गेली की ती गोष्ट पुढच्या लग्नापर्यंत चालते. म्हणून १३ जोडप्यांना एकाच किमतीचं घ्या, रंग वेगळे चालतील. घरात कुणी विधवा फुई किंवा काकू असेल तर तिला वगळू नका आणि तिची साडीही हलकी घेऊ नका.

कानपिळीला नवरीच्या भावाला मान देतात तो नवरदेवाकडचा खर्च. बऱ्याच याद्यांत तो दोन्हीकडून लिहिलेला सापडतो. तुमच्या यादीत असेल तर काढा.

सुईदोरा:
साड्यांबद्दल. ४० साड्यांसाठी सुरतला जायचं की जळगावच्या फुले मार्केटात, असा प्रश्न येईलच. अमळनेरहून सुरतची गाडी सरळ आहे हे खरं, पण तिथले ठोक व्यापारी सेट तोडून देत नाहीत. एका डिझाइनचे सहा-आठ रंग एकदम घ्यावे लागतात. भाऊबंदकीच्या साड्यांना हे उलट सोयीचं, कारण डिझाइन एकच असल्यावर बायका आपसात रंग बदलून घेतात. जोडप्यांच्या १३ साड्या मात्र जवळच घ्या, म्हणजे बदलून मिळतात. भाव विचारताना ५ टक्के जीएसटी धरून की सोडून, ते आधीच विचारा.

प्रत्येक साडी उघडून बघा, वरचा नग बघून गठ्ठा उचलू नका. पूर्ण साडी ब्लाउजपीससकट ६.३० मीटर भरते: साडी साडेपाच, ब्लाउज ८० सेंटिमीटर. हलक्या मालात कापड मारतात ते नेमकं ब्लाउजच्या टोकाला. पदराची जर उजेडात धरून बघा, घडीवर तुटलेली जर दुकानातल्या दिव्यात दिसत नाही.

पँटपीस १.२० मीटर असतो. अंगानं भरलेल्या माणसाला तो पुरत नाही, त्याला १.३० घ्या. खोक्यातल्या जोडीत पँटपीस कधी कधी आखूड निघतो, खोकं उघडून मोजा. टॉवेल ३० बाय ६० इंची घ्या, त्याहून लहान हातरुमालासारखा वाटतो. टोप्या एकाच मापाच्या आणू नका, निम्म्या मध्यम, निम्म्या मोठ्या.

करवल्यांच्या ब्लाउजची मापं आत्ताच द्या. आखाजी जवळ आली की शिंपी नवं काम धरत नाही आणि घाईची शिलाई ४०० वर थांबत नाही.

केळीबाग:
मोठ्या आईंच्या चांदीबद्दल. साडी आणि शिलाई मिळून एकीवर १,९०० जातात. चांदी द्यायची तर ती या १,९०० मध्येच बसवा, वरून नको. पैंजण यात बसणार नाहीत. जोडवी स्वस्तात होतील, पण करवल्या कुमारिका असतील तर जोडवी द्यायची कशी? नाणं किंवा साधी अंगठी बरी. सराफाला रक्कम सांगून वजन विचारा. वजन आधी ठरवलं आणि भाव चढला की सहा नगांत बजेट सुटतं. घडणावळ वेगळी लावतात, तीही त्या रकमेतच धरायला सांगा.

नवरदेवाच्या अंगठीचं विचारलं नाहीत, तरी सांगतो. हॉलमार्कसोबतचा सहा अक्षर-अंकी एचयूआयडी (प्रत्येक दागिन्याचा वेगळा ओळख क्रमांक) १ एप्रिल २०२३ पासून सक्तीचा आहे, पण २ ग्रॅमच्या आतल्या दागिन्याला हॉलमार्कची सक्ती नाही. तितकी हलकी घेत असाल तर बिलावर शुद्धता लिहून घ्या.

आणि घरातली आहेराची जुनी वही काढा. पाहुण्यांनी तुमच्याकडच्या मागच्या लग्नात काय केलं होतं ते बघूनच आपल्याकडच्या ५ जोडप्यांचा आकडा पक्का करा. आपल्याकडे म्हणतात ना, साडी कोनी देखत नही, कोनले कशी दिन्ही ते समदा देखतस.

नवरा-नवरीला मिळालेल्या वस्तूंचीही यादी करा. हुंडा प्रतिबंधक कायद्याखालच्या १९८५ च्या नियमांत ती सांगितलेलीच आहे: वस्तू, अंदाजे किंमत, देणाऱ्याचं नाव, नातं, खाली दोघांच्या सह्या.

बोरीकाठ:
आभार. आज व्याह्यांचा फोन आला, त्यांच्याकडची २ जोडपी वाढली. ती खालच्या थरात घेतली तर चालेल का?

पांझराकाठ:
नाही चालणार ताई, नातं मामाचं असेल तर थरही मामाचाच. २ जोडप्यांचे ४,६०० त्या ९,१०० मधून घ्या. उरलेल्या ४,५०० मध्ये भाऊबंदकीच्या ८ जादा साड्या (२,८००) आणि १० टॉवेल-टोप्या (१,१००) आणून ठेवा, राहिलेल्या ६०० च्या पिशव्या. जादा साड्या नेहमी लागतात, लेकी-सुना न सांगता येतातच. थरागणिक पिशवीचा रंग वेगळा ठेवा आणि आतल्या साडीला नाव आणि नातं लिहिलेली चिठ्ठी टाचा. मांडवात वही एकाच्या हातात, पिशव्या काढून देणारा दुसरा, तिसऱ्याला खोलीत जाऊ देऊ नका. माईकवाल्याला नाव पुकारायला सांगा, आकडा नको.