मदत हवी आहे: अंतिम ज्येष्ठता यादीविरुद्ध मॅटमध्ये (महाराष्ट्र प्रशासकीय न्यायाधिकरणात) जाण्याची मुदत कोणत्या दिवसापासून मोजावी?

मी महाराष्ट्र शासनाच्या एका विभागात सरळसेवेने नियुक्त झालो आहे. आमच्या संवर्गाच्या अंतिम ज्येष्ठता यादीत पदोन्नत सहकाऱ्यांचा मानीव दिनांक (ज्येष्ठतेसाठी गृहीत धरलेला दिनांक) म्हणून त्यांच्या तदर्थ, म्हणजे तात्पुरत्या, पदोन्नतीचा दिनांक धरला आहे. नियमित पदोन्नतीचे आदेश त्यानंतर दोन वर्षांनी निघाले. त्यामुळे माझ्यानंतर नियमित झालेले 11 जण माझ्या वर गेले आहेत. नियमानुसार न झालेली तदर्थ सेवा ज्येष्ठतेसाठी मोजत नाहीत, असे सर्वोच्च न्यायालयाच्या 1990 च्या घटनापीठाने महाराष्ट्रातल्याच अभियंत्यांच्या प्रकरणात म्हटले असल्याने मुद्दा भक्कम आहे, असे मला मनापासून वाटते.

तात्पुरत्या यादीवर मुदतीत हरकत घेतली होती. आवक शिक्का असलेली प्रत जवळ आहे. हरकतीवर एका ओळीचेही उत्तर न देता यादी अंतिम झाली. महिनाभरात सविस्तर अभिवेदन दिले, पुढे दोन स्मरणपत्रेही दिली. माहितीच्या अधिकारात मिळालेल्या टिप्पणीत हरकतींचा उल्लेखच नाही. आज अंतिम यादीला 14 महिने झाले असून विभागीय पदोन्नती समितीची बैठक तोंडावर आहे.

प्रशासकीय न्यायाधिकरण अधिनियम, 1985 च्या कलम 21 प्रमाणे एक वर्ष अंतिम यादीपासून मोजायचे, की अभिवेदनानंतरचे सहा महिने संपल्यावर? स्मरणपत्रांनी मुदत वाढत नाही, हे ठाऊक आहे. विलंबमाफीचा अर्ज सोबत जोडावा का, आणि त्या 11 जणांना प्रतिवादी करणे आवश्यक आहे का?