मटकीला मोड येतात त्याचं छोटं ॲनिमेशन कसं करू?

प्रश्न: मी चौथीला शिकवते. दाणा फुगतो, मोड फुटतो, मूळ खाली जातं, एवढंच दहा सेकंदांत दाखवायचंय. चित्रकला बेताची, हाताशी फक्त फोन. पुढच्या आठवड्यात तास आहे.

उत्तर: ताई, चित्रं काढत बसू नका, कागद कापा. काळ्या कार्डशीटवर दाणा ठेवा, मोडाचे लहान-मोठे तुकडे कापून एकेक बदलत जा आणि दर वेळी फोटो काढा. सिनेमा सेकंदाला २४ फ्रेमने, म्हणजे २४ स्थिर चित्रांनी चालतो, पण प्रत्येक चित्र दोन फ्रेम टिकवलं तर सेकंदाला १२ चित्रांत भागतं. तुमच्या कामाला ८ सुद्धा पुरतील, म्हणजे एकूण ८० फोटो. फोटो जोडून चित्रफीत करणाऱ्या 'स्टॉप मोशन स्टुडिओ' या ॲपमध्ये आधीचा फोटो पुसट दिसत राहतो, त्यामुळे तुकडा किती हलला ते लगेच कळतं. फोकस आणि एक्स्पोजर (फोटोत किती उजेड येतो ते) मात्र लॉक कराच, नाहीतर चित्र लुकलुकतं. पडदे ओढून दिव्याच्या उजेडात काढा. खिडकीतलं ऊन सारखं बदलतं.

उत्तर: शाळेत संगणक असेल तर 'पेन्सिल टूडी' हे ॲनिमेशनचं सॉफ्टवेअर मोफत आहे. पण एका आठवड्यात वरचाच मार्ग बरा.

प्रश्नकर्ती: फोन हलू नये म्हणून काय करू?

उत्तर: सारख्या उंचीचे दोन डबे घ्या, त्यांवर मधे फट ठेवून पट्ट्या टाका, फोन त्यांवर आडवा ठेवून कॅमेरा मधल्या फटीवर येऊ द्या. आणि तुकडे मुलांनाच सरकवू द्या ताई, मूळ आधी फुटतं हे त्यांना हातानेच कळेल.