मार्लबरोची उमरावी मुलींकडून पुढे गेली

इंग्लंडमधली वंशपरंपरागत उमरावी फक्त मुलग्यांकडेच जाते असं म्हटलं जातं, आणि उदाहरण दिलं जातं विन्स्टन चर्चिल यांच्या घराण्याचं. बहुतेक घराण्यांना हा नियम लागू आहे, पण नेमकं हेच घराणं त्याला मोठा अपवाद आहे.

1702 मध्ये सेनापती जॉन चर्चिल पहिला ड्यूक (सर्वांत वरच्या दर्जाचा उमराव) ऑफ मार्लबरो झाला. पुढच्याच वर्षी त्याचा वारस मुलगा केंब्रिजला शिकत असताना देवीने गेला. उरल्या मुली. जॉनने लढाया जिंकून दिल्या होत्या, त्याचं नाव बुडू नये म्हणून 1706 मध्ये पार्लमेंटने खास कायदा केला: पदवी मुलींकडे आणि त्यांच्या वंशाकडे जाऊ शकेल. त्यामुळे 1722 मध्ये थोरली हेन्रिएटा स्वतःच्या हक्काने डचेस झाली. तिचा मुलगा तिच्याआधीच वारला होता, म्हणून 1733 मध्ये पदवी धाकट्या बहिणीच्या, ॲनच्या, मुलाकडे गेली. तो चार्ल्स स्पेन्सर. स्पेन्सर घराण्याची ऑलथॉर्पची जहागीर त्याच्या धाकट्या भावाला मिळाली. प्रिन्सेस डायना त्या शाखेतली.

विन्स्टन चर्चिल या चार्ल्सच्याच वंशातले, म्हणजे पितृवंशाने ते स्पेन्सरच! आडनावाला ‘चर्चिल’ जोडलं गेलं ते 1817 मध्ये, पाचव्या ड्यूकच्या काळात. वंशावळी वाचताना आईकडची रेघ सोडून देण्याची आपली सवय मला खरंच खटकते. इथे ती सोडली तर काहीच उलगडत नाही.

आणखी एक: वडील 1895 मध्ये वारल्यावर विन्स्टनच पदवीचे पुढचे वारस होते. सप्टेंबर 1897 मध्ये नवव्या ड्यूकला मुलगा झाला आणि तो हक्क सरला. ड्यूक झाले असते, तर हाउस ऑफ कॉमन्समध्ये त्यांना बसताच आलं नसतं.