मदत हवी आहे: एम्युलेटरवर मारिओ आणि कॉन्ट्रा लहानपणीपेक्षा वेगाने पळतात

करवीरकर

नमस्कार. जाणकारांची मदत हवी आहे.

लॅपटॉपवर एम्युलेटर (जुन्या गेम मशीनची नक्कल करणारं सॉफ्टवेअर) टाकून आमचे जुने टीव्ही गेम चालवतोय. चित्र येतं, आवाज येतो, कुठं अडकत नाही. पण मारिओ आणि कॉन्ट्रा, दोन्ही मला आठवतात त्यापेक्षा वेगाने पळतात. फार नाही, पण हाताला कळतं एवढं नक्की. मारिओच्या पहिल्या लेव्हलची धून तर घाईघाईने उरकल्यासारखी वाजते. कॉन्ट्राचं तिसरं स्टेज, धबधब्याचं, आम्ही एकही लाइफ न घालवता चढायचो. आता तिथंच मरतो, कारण बोट बटण दाबेपर्यंत वरून येणारा दगड डोक्यावर आलेला असतो.

मित्र म्हणतात, लहानपणी सगळंच सावकाश वाटतं. मला ते पटत नाही. दादाला फोनवर काही न सांगता नुसती धून ऐकवली, तर तो पहिल्या दोन सेकंदांत म्हणाला, "फास्ट लावलंयस काय रे?" दोघांचेही कान एकच सांगत असतील तर त्यात काहीतरी तथ्य असणार.

थोडी माहिती देतो. आमचा मूळ सेट २०१९ च्या पुरात गेला. शाहूपुरीतल्या घरात पाणी शिरलं तेव्हा तो टीव्हीखालच्या कपाटात होता. कॅसेट माळ्यावर होत्या म्हणून वाचल्या. ओळखीच्या एकाने यूएसबीला जोडायच्या रीडरवर त्या वाचून फायली करून दिल्या, त्याच चालवतोय. सेट त्या काळी सगळीकडे मिळायचा तसलाच, दोन रिमोट आणि एक बंदूकवाला, वायर टीव्हीच्या अँटेनाच्या जागी लावायचा. लॅपटॉप विंडोज १० चा आहे, एचडीएमआयने एलईडी टीव्हीला जोडतो.

एम्युलेटरचा वेग ८५ टक्के करून पाहिला. गंमत म्हणजे उड्या बरोबर जमायला लागल्या, पण धून बसक्या आवाजात वाजते, ते कानाला सहन होत नाही. म्हणजे चाल हवी ८५ टक्क्यांची आणि आवाज हवा पूर्ण वेगाचा. असं कधी होतं का? आणि आमच्या सेटवर ते कसं होत होतं?

गणपतीला दादा घरी येतोय. तो हातात रिमोट घेईल तेव्हा खेळ जसा होता तसाच असावा, एवढीच इच्छा आहे.

सांगलीवाला

भावा, आधी टीव्ही किती हर्ट्झवर चालतोय, म्हणजे सेकंदाला किती वेळा चित्र दाखवतोय, ते बघ. काही एम्युलेटर खेळाचा वेग पडद्याला बांधून टाकतात. पडदा ७५ हर्ट्झचा असला की खेळपण ७५ ने पळतो, आणि १४४ असला तर बघायलाच नको.

अंदाजपंचे नको, मोजून बघ. मारिओच्या १-१ मध्ये, म्हणजे पहिल्याच लेव्हलमध्ये, सुरुवातीलाच गड्याला जागेवर उभा ठेव आणि वर उजवीकडचा टाइम बघ. तो आकडा २४ फ्रेमनंतर एकने उतरतो, सेकंदानंतर नाही. फ्रेम म्हणजे पडद्यावरचं एक चित्र. मोबाइलचं स्टॉपवॉच ३९० ला सुरू कर, २९० ला थांबव. शंभर आकडे म्हणजे २४०० फ्रेम. ६० च्या हिशोबानं ४० सेकंद यायला पाहिजेत. कमी आले तर पडदा गडबड करतोय.

करवीरकर

मोजलं. ४० सेकंद बरोबर. टीव्ही ६० हर्ट्झ दाखवतोय. म्हणजे एम्युलेटर नियमाप्रमाणे चालतोय, तरीही वेगच वाटतंय. आता काय?

सांगलीवाला

मग माझ्या मते हे डोक्यातलं आहे. ४० म्हणजे ४०. जपान-अमेरिकेत तो खेळ असाच चालायचा.

जुनी पिक्चर ट्यूब

करवीरकर, तुमचे आणि तुमच्या दादांचे कान बरोबर आहेत. सांगलीवाले, तुमचा ४० चा आकडाही बरोबर आहे. पण तो जपान-अमेरिकेतला आकडा आहे. आपल्याकडे तो ४८ होता.

मी अनेक वर्षं टीव्ही दुरुस्तीचं काम केलं, असले सेटही पुष्कळ उघडलेत, म्हणून जरा सविस्तर लिहितो.

निन्टेन्डोने १९८३ मध्ये जपानात फॅमिकॉम हे टीव्ही गेमचं मशीन आणलं ते तिथल्या एनटीएससी पद्धतीच्या टीव्हीसाठी. सेकंदाला ६० वेळा चित्र. आपलं दूरदर्शन पाल पद्धतीवर, ६२५ ओळी आणि सेकंदाला ५० वेळा. ६० वालं मशीन जसंच्या तसं आपल्या त्या वेळच्या टीव्हीला लावलं असतं तर चित्र वर-खाली पळालं असतं, आणि मागच्या व्ही-होल्डच्या बटणाने ते थांबवलं तरी बहुतेक संचांवर रंग आला नसता. त्यामुळे इथे विकले जाणारे फॅमिकॉमचे नकली सेट, तुमचाही त्यातलाच, ५० हर्ट्झचं पाल चित्र देणारे होते. कॅसेटमधला खेळ मात्र जपानी-अमेरिकीच, ६० साठी लिहिलेला.

आता हे खेळ घड्याळ बघत नाहीत, फ्रेम मोजतात. मारिओ एका फ्रेममध्ये किती सरकणार, कॉन्ट्राची गोळी किती जाणार, धूनमधला पुढचा स्वर किती फ्रेमनंतर येणार, सगळं फ्रेमवर. सेकंदाला ६० च्या जागी ५० फ्रेम आल्या की सगळा खेळ सहापैकी पाच हिश्शांच्या वेगाने चालतो, म्हणजे ८३ टक्क्यांच्या आसपास. तुम्ही कानाने आणि बोटाने ८५ वर येऊन थांबलात, यातच सगळं आलं.

आवाज बसका का होत नव्हता, हा तुमचा प्रश्न खरा मोलाचा. स्वराची उंची फ्रेमवर ठरत नाही, प्रोसेसरच्या वेगावर ठरते. मूळ जपानी मशीनचा प्रोसेसर १.७९ मेगाहर्ट्झचा. या नकली सेटांमधला १.७७ चा. फरक एक टक्क्याच्याही आत, कानाला कळणार नाही. म्हणून सूर तोच राहिला आणि लय संथ झाली. तुम्ही एम्युलेटरचा एकूण वेग कमी केलात तेव्हा दोन्ही एकत्र खाली आले.

उपाय सोपा आहे. मेसेन नावाचा एम्युलेटर घ्या, फुकट आहे. त्याच्या सेटिंग्जमध्ये एनईएसच्या (फॅमिकॉमचं जपानबाहेरचं नाव) पानावर रीजन असा पर्याय आहे. तो आपोआपवर असतो, तिथे डेंडी निवडा. डेंडी हा १९९२ पासून रशियात विकला गेलेला असाच नकली फॅमिकॉम. तिकडेही टीव्ही ५० हर्ट्झचे, त्यामुळे आतली मांडणी आपल्या सेटांसारखीच. वेग पुन्हा १०० टक्के करायला विसरू नका.

पन्हाळ्याचा वारा

त्याच यादीत पाल असा पर्यायही असतो ना? आपल्याकडे पाल होतं तर पालच निवडायला नको का?

जुनी पिक्चर ट्यूब

नको. पाल म्हणजे निन्टेन्डोने युरोपसाठी स्वतः बनवलेलं मशीन. त्याचा प्रोसेसर १.६६ मेगाहर्ट्झचा, म्हणजे मूळ मशीनपेक्षा सात टक्के हळू. त्यावर ६० साठीची कॅसेट लावली की सूर अर्ध्या स्वराहून जास्त खाली उतरतो आणि काही खेळांत पडद्याच्या ओळी फाटतात. युरोपात त्यासाठी वेगळ्या कॅसेट निघायच्या. कॉन्ट्रा तर तिकडे माणसांऐवजी रोबो घालून वेगळ्या नावाने निघाला. नकली सेट बनवणाऱ्यांना जपानी कॅसेटच चालवायच्या होत्या, म्हणून त्यांनी प्रोसेसर आणि चित्राचं प्रमाण मूळचंच ठेवलं आणि जास्तीच्या ५० ओळी रिकाम्या वाट बघण्यात घालवल्या. खेळाला कळतच नाही की तो ५० वर चालतोय. डोकेबाज काम होतं ते, माझ्या मनात त्याबद्दल आजही आदर आहे.

करवीरकर

काका, ४८ सेकंद आले! आणि धून लागली तेव्हा मी खुर्चीतून उठलोच. हीच ती. धबधबाही चढलो. इतकी वर्षं लोक भास म्हणत होते त्याचा आकडा मिळाला, तुमचे आभार कसे मानू कळत नाही.

आता दोन गोष्टी राहिल्यात. एक, मारिओ पळतो तेव्हा मागचं चित्र बारीक बारीक झटके देत सरकतं, आधी गुळगुळीत होतं. दुसरं, सूर आणि लय जुळली तरी आवाजाचा पोत किंचित वेगळा वाटतो. आमच्या सेटचा आवाज थोडा जास्त पोकळ होता. हे मात्र टीव्हीच्या स्पीकरमुळे असेल का?

सांगलीवाला

नाद खुळा काका! माझं "डोक्यातलं आहे" मागे घेतो.

झटक्यांचं मी सांगतो. खेळ ५० देतोय आणि टीव्ही ६० दाखवतोय, म्हणून पाच फ्रेममागे एक फ्रेम दोनदा दिसते. टीव्हीलाच ५० वर आण. विंडोजच्या डिस्प्ले सेटिंग्जमध्ये अॅडव्हान्स्ड डिस्प्ले, तिथे टीव्ही निवडून रिफ्रेश रेट ५० कर. आपल्याकडचे बहुतेक एलईडी टीव्ही ५० घेतात. लॅपटॉपचा स्वतःचा पडदा बहुधा घेणार नाही, तेव्हा खेळायचं टीव्हीवरच. एम्युलेटरमध्ये व्हीसिंक (खेळाची चित्रं पडद्याच्या तालावर दाखवणारा पर्याय) चालू ठेव. आणि टीव्हीचा गेम मोड लाव, नाहीतर तो चित्र सुंदर करत बसतो आणि बटण दाबल्यावर उडी उशिरा लागते. आवाजासाठी ब्लूटूथ स्पीकर अजिबात नको, गोळी सुटल्यावर सावकाश "ठो" येतं.

जुनी पिक्चर ट्यूब

पोताचंही तुम्ही बरोबर ओळखलंत. या मशीनमध्ये धून वाजवणारे दोन चौकोनी लहरींचे चॅनल असतात. लहर किती वेळ वर राहते यावर आवाज सडसडीत की भरीव ते ठरतं. बऱ्याच नकली चिपांमध्ये यातल्या २५ टक्के आणि ५० टक्के या दोन जागा उलट्या जोडलेल्या होत्या. त्यामुळे जिथं बारीक आवाज हवा तिथं पोकळ, आणि पोकळच्या जागी बारीक. मेसेन करणाऱ्यांनी हेसुद्धा धरलंय. एनईएसच्या ऑडिओच्या पानावर ड्युटी सायकलची, म्हणजे याच दोन जागांची, अदलाबदल करायचा पर्याय आहे, जुन्या नकली सेटांसारखा आवाज हवा असेल त्यांच्यासाठीच दिलेला. टिचकी मारून ऐका. सगळ्याच सेटांत असं नव्हतं, तुमच्यात होतं की नाही ते तुमचेच कान सांगतील.

करवीरकर

होतं. शंभर टक्के होतं. दादाला पुन्हा फोन लावून ऐकवलं, तो काही बोललाच नाही, नुसता ऐकत बसला.

टीव्ही ५० वर गेला, झटके थांबले. आता यूएसबीचे दोन रिमोट आणलेत, पण दोन्ही पहिल्याच गड्याला हलवतात. आणि बदकं मारायची जुनी बंदूक चालेल का कुठं?

पन्हाळ्याचा वारा

दोन्ही रिमोट आधी लावा, मग एम्युलेटर उघडा. इनपुटच्या पानावर पोर्ट १ आणि पोर्ट २ वेगळे आहेत. पोर्ट २ ची जुनी बटणं पुसून दुसऱ्या रिमोटने एकेक दाबून नव्याने भरा. दुसऱ्याला स्टार्ट आणि सिलेक्ट दिलं नाही तरी चालतं, मूळ फॅमिकॉमच्या दुसऱ्या रिमोटला ती नव्हतीच. टर्बोची (दाबून धरलं की आपोआप पुन्हा पुन्हा दाबली जाणारी) ए आणि बी वेगळी भरता येतात, कॉन्ट्राला ती हवीतच. एका कीबोर्डवर दोघांनी खेळायचं मात्र टाळा, तीन-चार कळा एकदम दाबल्या की काही कीबोर्ड एखादी कळ गिळतात.

सहज सांगतो, कुणाकडे कॅसेट उरल्या नसतील तर इथे फायली मागू नका. कॉन्ट्राचा २०१९ चा अॅनिव्हर्सरी संग्रह स्टीम या ऑनलाइन गेमच्या दुकानात विकत मिळतो, त्यात एनईएसचा मूळ खेळ आहे.

जुनी पिक्चर ट्यूब

बंदुकीचं उत्तर नाही असंच आहे. घोडा ओढला की खेळ क्षणभर पडदा काळा करतो आणि पुढच्या फ्रेमला बदकाच्या जागी पांढरा चौकोन दाखवतो. बंदुकीतला प्रकाश ओळखणारा डोळा तो चौकोन टिपतो. हे गणित पिक्चर ट्यूबच्या तत्काळ उजळण्यावर बांधलेलं. एलईडी टीव्ही चित्र काही मिलिसेकंद उशिरा दाखवतो आणि त्याचा प्रकाशही तसा लखलखत नाही, त्यामुळे प्रत्येक गोळी चुकलेलीच धरली जाते. मेसेनमध्ये पोर्ट २ ला झॅपर (बंदुकीचं निन्टेन्डोचं नाव) निवडा आणि माउसने नेम धरा. रिमोट लावायचा असेल तेव्हा तो पोर्ट परत बदलायला लागेल.